हार्डीवाडीचा उखाणा

पनवेलच्या दवाखान्यात प्राची मोबाइलकडे पाहत होती, म्हणजे शेजारच्या म्हाताऱ्या जोडप्याचं ऐकत होती.

"गोऱ्या हार्डीसायबानं खाडीला बांध घातला, तवा आपला गाव वसला. नाव कशाला बदलता?" म्हातारी म्हणाली.

"त्याच बांधावर त्यानं माज्या पणज्याला चाबकानं फोडला. उद्या ग्रामसभेत मी हात वर करनार."

"करा. मंग माज्या उखान्याचा काय?"

"कंचा गो?"

"दिनानाथांनी घेतली हिरवीगार साडी, माजा सासर हार्डीवाडी. लग्नापासून तोच घेते. दुसरा येत नाय मला."





"पाटीवरचा नाव काढू. तुज्या तोंडातला राहू दे."

"पणज्याला राग येल."

"नाय येनार. त्यात माजा नाव सायबाच्या आदी हाय."