दिगूच्या फोटोवरची चार उपरणी

समद्या मंडळीला रामराम. कामधंदे टाकून दिगूच्या शोकसभेला आलात, मांडवात दाटीवाटीनं बसलात. मला बोल म्हणलं, म्हणून उभी राहिले. मी दिगूची थोरली बहीण. वसमतला शिवणकाम करते. मला भाषण जमत न्हाई, भाऊ.

दिगू केबल टीव्हीवर 'पक्षप्रवेश' नावाचा कार्यक्रम करायचा. तुमी समद्यांनी बघितला. हसलात बी. त्यातलं वांगी रंगाचं उपरणं मी शिवलं व्हतं. तो रंग आपल्याकडं कोन्याच पक्षाचा न्हाई. दिगू पुढाऱ्याच्या दारात जायचा, म्हणायचा, "सायेब, नवा पक्ष निघाला. पहिला मान तुमाला." की लगेच उपरण्यासाठी मान खाली! कोनता पक्ष, कोन अध्यक्ष, एकानं इचारलं न्हाई. एक जण तर उपरणं गळ्यात पडताच म्हणला, "या विचारावर माझी लहानपणापासून निष्ठा हाय." मग दिगू लपवलेला कॅमेरा दाखवायचा. मी पोट धरून हसायची.

मग फोन यायला लागले. शिव्या, धमक्या. दारातली मोटारसायकल जाळली. मी म्हणलं, "दिगू, बास कर. काहून वैर घेतो?" तो म्हणला, "अक्का, मान त्यायनं वाकवली. मी काय गळा धरला व्हता?" म्हणला खरं, पर त्या रात्री दाराला आतून दोन कड्या लावल्या त्यानं.

पंधरवड्यात जवळा बाजार गावात जेवता जेवता छातीत कळ आली, अन् गेलं लेकरू माझं. डॉक्टर म्हणले, हृदयच कमजोर. बराबर असल. पर मला झोप न्हाई.

अन् आज काय बघते मी? सकाळपासून चार पक्षांची माणसं आली. "दिगंबर आमचाच," म्हणून रडली. एकेकानं फोटोला आपलं उपरणं घातलं. मयतीच्या दिवशी त्याला झेंडा पांघरवायला आले व्हते, मी हात आडवा लावला. आज नजर चुकवली माझी. अवो, जित्तेपणी त्यानं कोनाचंच घातलं न्हाई. फोटोला नको म्हणता येत न्हाई, म्हणून घातलं व्हय?

रागावू नका. इकडंतिकडं बी बघू नका, आज कॅमेरा न्हाई.

आता दोन मिनिटं गप उभं राहायचं हाय. त्याच्या आधी ज्यानं त्यानं आपलं उपरणं उचला. एकावर एक टाकून पार झाकून टाकलाय त्याला.

उचला, दादा. मला माझ्या भावाचं तोंड बघू द्या. मग उभं राहू.