बस म्हणू का बसा म्हणू

आमचं मूळ मांजरीचं. वडलांचा ऊस व्हता, आता तिथं बिल्डिंगा झाल्यात, ते जाऊ द्या. मी मॅट्रिक झाले, टायपिंग शिकले, आन् पुण्यात सरकारी हापिसात कारकून म्हणून लागले. टिपणी कशाला म्हणत्यात तेबी ठावं न्हाई मला. शेजारच्या टेबलावर शमीम. मंडईमागं राहायची, वडलांचं घड्याळदुरुस्तीचं दुकान. माझ्यापेक्षा वयानं मोठी, नोकरीतबी आधीची. तिनंच मला सगळं शिकवलं. तरी आमचं अगं-तुगं, एका डब्यात जेवायचो, भांडायचो बी.

मग वरची एक जागा रिकामी झाली. निवड समिती काय बसंना, तवा साहेबांनी शमीमला तदर्थ बढती दिली. तदर्थ म्हंजे कसं, काम सगळं करायचं, पण बढती कच्ची. आम्हाला कुठं कळतंय, आम्ही आपले पेढे वाटले. ती खुर्ची तिनं वर्षानुवर्षं सांभाळली, आन् त्या रगाड्यात तिची खात्याची परीक्षा राहून गेली. मी मात्र बसले परीक्षेला. अभ्यासाला रजा पायजे व्हती, तर शमीमच म्हणाली, जा गं तू, तुझं टेबल मी बघते. बघितलं बी बिचारीनं. मी पास झाले, समिती बसली, मला थेट पक्की बढती मिळाली. शमीम मागनं पास झाली, तिची मागनं पक्की झाली.

आन् मग ज्येष्ठता यादी लागली. मी वर, शमीम खाली. तदर्थ वर्षं धरतच न्हाईत म्हणे, पक्की झाली त्या दिवसापासनं मोजायचं. तिनं हरकत घेतली, लेखी. उत्तर आलं, नियमानुसार मान्य करता येत नाही. नियमाचं बरोबरच असंल, मी काय चोरी केली न्हाई. पण काय सांगू तुम्हाला, लाज वाटायची. जिन्यात तिची चप्पल वाजली की मी फायलीत डोकं घालायची.

त्याच यादीवरनं मला पुढची बढती मिळाली, अधीक्षक झाले. तिचीच साहेबीण झाले म्हणा की. पहिल्याच दिवशी शमीम सहीला फाईल घेऊन आली आन् टेबलापुढं उभी राहिली. सगळं सेक्शन बघतंय. आता हिला बस म्हणू का बसा म्हणू? बस म्हणावं तर वाटणार, खुर्ची मिळाली न्हाई तोच हुकूम सोडाया लागली. बसा म्हणावं तर ती परकी झाली. दोन्ही गळ्यात अडकलं आन् तोंडातनं काय आलं, तर बसायला हरकत नाही. फायलीवर लिहित्यात तसं! शमीम पुण्याची हो, ती ऐकून घेती व्हय? म्हणाली, हरकत तर आमची फेटाळली ना, मॅडम. आन् उभीच राहिली. रिटायर होईस्तवर माझ्यापुढं उभीच राहिली. अहो मॅडम, आपण मॅडम. त्यापरीस चारचौघांत झापलं असतं मला, तर बरं वाटलं असतं.

एकदा मंडईत गाठलं तिला. म्हणाले, अगं शमीम, मला मेलीला तरी यातलं काय कळत व्हतं. तर म्हणती कशी, आपली काहीच चूक नाही मॅडम, भेंडी कोवळी आहे, घेऊन ठेवा. पिशवी उचलली आन् गेली. मी तिथंच उभी, भेंडीवाला विचारतोय किती देऊ.

आता दोघीबी पेन्शनीत. परवा बँकेत हयातीचा दाखला द्यायला गेले, तर ही रांग. पार पुढं शमीम, हातात काठी. मला बघितलं, बाजूला सरकली आन् म्हणाली, या मॅडम, माझ्या जागी या, आपण ज्येष्ठ. माणसं लागली की मला वाट द्यायला, त्यांना काय ठावं. नको म्हणायला पायजे व्हतं मी. तिला म्हणायला पायजे व्हतं, तू थांब गं पुढं. देव तिला बरं ठेवो, अजून काय म्हणू. गुडघे लई दुखत व्हते हो माझे. गेले मी पुढं.