ट्रकवरचं दैवत

आमच्या ताडकळसच्या सुन्यानं पक्ष बदलला, तवाची गंमत सांगतो. नव्या साहेबांच्या वाढदिवसासाठी त्यानं लॅपटॉपवरच्या ट्रकच्या गेममध्ये साहेबांचा फोटो टाकला. ट्रकच्या पाठीवर साहेब अन् खाली लिवलेलं, 'आमचं दैवत'. गंगाखेडला साहेबांच्या बंगल्यावर सगळ्या कार्यकर्त्यांसमोर लॅपटॉप टीव्हीला जोडला, तर ट्रक कोराच निघाला.

"फोटो कुठाय रे?" साहेबांनी विचारलं.

"यायलाय साहेब, लोड व्हायलाय."

मी त्याच्या बाजूलाच उभा होतो, कानात म्हणलं, "आरं, टाकलेला फोटो गेममध्ये चालू केलास का?"

केलाच नव्हता. घाबरलेल्या सुन्यानं, त्यात जे जे टाकलेलं होतं ते सगळंच चालू केलं. ह्या बारीला ट्रकवर फोटो आला, पण जुन्या साहेबांचा, मागं त्यांच्या वाढदिवसाला टाकलेला. खाली तेच, 'आमचं दैवत'.

 सुन्या टीव्हीपुढं आडवा उभा राहिला.

"साहेब, तुमचा फोटो हाय, पण जुना त्याच्या वर बसलाय. आत्ता काढून टाकतो!"

साहेबांनी त्याचा हात धरला अन् हळूच म्हणाले, "राहू दे. पुढच्या महिन्यात मी बी त्यांच्याकडंच चाललोय."