दारातली बाई

व्हिएन्नातल्या डोळ्यांच्या दवाखान्यात माझ्यासमोर एक म्हातारं जोडपं बसलं होतं. हल्ली मी एकटाच येतो, त्यामुळे दुसऱ्यांचं बोलणं कानावर पडतं.

“ओत्मार, फिल्म आर्काइव्हला काय कळवलंस?”

“अजून काही नाही.”

“तुझा जुना सिनेमा दुरुस्त करतायत. माझा कापलेला प्रवेश सापडलाय, तो परत जोडायचा का, एवढंच विचारतायत.”

“सिनेमा लांबतो गं त्यानं.”

“दोन मिनिटांनी? सगळे सिनेमे तूच लिहिलेस, निर्माताही तूच. मला एकात घेतलंस आणि नेमकं तेवढंच कापलंस.”

“लेखकानं प्रेमानं लिहिलं होतं. कापलं निर्मात्यानं.”

“जेवायला दोघं माझ्याच हातचं जेवत होते. खरं सांग, मी इतकी वाईट होते?”

“हेर्मिने, इथे नको.”

“इथेच. डोळे आहेत तोवर मला बघायचंय.”

“वाईट नव्हतीस. दारात उभी राहून तू नायकाला ‘जा’ म्हणालीस. मग तो डोंगर चढला काय, पडला काय, कुणाला पर्वाच उरली नाही. पहिल्या खेळानंतर जो तो विचारायचा, ती दारातली बाई पुढे कुठे गेली?”

“आणि मला म्हणालास, रीळ खराब झालं.”

“नायिका चिडली होती.”

“आणि मी?”

“फ्राउ त्साइलिंगर, आत या,” नर्सनं हाक मारली.

“आले. ओत्मार, फोन लाव त्यांना. जोडा म्हणावं.”

“आणि निर्मात्याचं काय?”

“तो वारला म्हणून सांग.”