न दिलेलं वाक्य

— नाही जी, बिसरामभाऊच्या घरी नोका जाऊ. बसा अठी, च्या घ्या. गोंदियावरून चिचगडले आले, तेही एवढा कॅमेरा घेऊन, अन् कायले — तर बुडगा स्टेजवर वाक्य विसरला, तसंच पुन्हा एकदा विसरून दाखव म्हणाले? वीस लाख लोकायनं मोबाईलवर पाहिलं, हसले, झालं ना. आता त्याचा दुसरा भाग पायजे? तो माणूस रस्त्यानं निंगत नाही, भाऊ. शाळेतले पोट्टे मांगून ओरडतात, "बोल ना, राजा!" — म्हणून धुऱ्याधुऱ्यानं, बांधावरून वावरात जाते. चाळीस वर्सं झाडीपट्टीच्या नाटकात राजाचा पार्ट केला त्यानं.

तुमाले वाटते नट सारं पाठ करते. आमच्याकडे नाही जी. आज हे नाटक, उद्या ते — पाठ कोण करन? स्टेजच्या समोर खड्डा राहते, त्यात प्रॉम्टर बसते पुस्तक घेऊन. तो वाक्य देते, नट उचलते. बिसरामभाऊ तर असा उचले का लोकायले पत्ताच नाही लागे. आता वाक्यच आलं नाही तं नट काय बोलन? ... आलं नाही मंजे — मंजे त्याले ऐकू आलं नसन, असं.

काऊन पाहता असे? बरं, प्रॉम्टर मीच होतो. टेकचंद. बावीस वर्सं त्या खड्ड्यात बसलो. नाटक कंपनीचा मालक म्हणे, लोक आता मोबाईलवर पाहतात तेव्हाच तिकीट काढतात, सारे जण लाईव्ह करा. मंडईच्या जत्रेचा दिवस, तंबू गच्च भरलेला. माह्या एका हातात पुस्तक, एका हातात मोबाईल. खड्ड्यातल्या माणसाले कोण पाहते जी? बावीस वर्सांत एक टाळी नाही भेटली मले. अन् त्या दिवशी स्क्रीनवर टपटप लाल दिल येऊन राहिले — माह्या नावावर! कोणीतरी विचारलं, गाव कोणतं? मी जवाब लिहून राहिलो. अन् वर बिसरामभाऊ मुकुट घालून, हात उचलून, माह्याकडे पाहून राहिला. चाळीस सेकंद. मान वर केली तेव्हा पब्लिक शिट्ट्या मारत होती.

अन् तेवढाच तुकडा कोणी कापला, कोणी टाकला, ते नोका विचारू... मीच. हसरे चेहरे लावून. शरम वाटते, भाऊ, पण त्या दिवशी नाही वाटली. दर घंट्याले आकडा पाहून राहिलो.

बिसरामभाऊ मले रागावला नाही. घरी आला, म्हणे, "टेकचंद, तू देल्लं असशीन रे वाक्य, मलेच ऐकू नाही आलं. होय ना?" मी काय म्हणलो? होय म्हणलो. मंग तो नागपूरले गेला कान दाखवाले. डाक्टर म्हणे, बाबा, कान चांगले आहेत. तर बुडगा भांडला त्याच्याशी — म्हणे, नाही, माह्या प्रॉम्टरनं वाक्य देल्लं होतं. भांडून कानाची मशीन आणली त्यानं. काम तर सोडलंच.

हे मी आजवर बायकोलेही — तो लाल दिवा कायचा जी? चालू आहे? पहिल्यापासून?

... नोका. बंद नोका करू. टाका. पण कुठंच कापू नोका, सारं टाका. ऐकन तो. त्याले चांगलं ऐकू येते.

उठा आता. बस लागली तुमची.