समोरच्या उतारावरचं अस्वल

हलत नव्हतं म्हणजे? काकू, अस्वल म्हणजे काय पंखा आहे का, सारखं हलत राहायला? पोट भरलं असेल, ऊन खात बसलं असेल. तुम्ही नाही का बसलात आत्ता, सगळे वर गेले तरी? मी म्हटलं का, या काकू हलत नाहीत म्हणून? — नाही, नाही, गुडघ्यांचं माहितीये मला, सकाळीच सांगितलंत तुम्ही, तसं नव्हतं म्हणायचं. बसा निवांत. मलाही बसणं भागच आहे, प्रवाशाला गाडीत एकटं सोडायचं नाही असा नियम आहे आमच्याकडे. आणि पाऊण तास तर आहे. दोनशे दहा पायऱ्या चढायच्या, वर कठड्याला टेकायचं, 'अहाहा' म्हणायचं, डोंगराकडे पाठ करून स्वतःचाच फोटो काढायचा आणि खाली यायचं. एकच वाट आहे, हरवायचं म्हटलं तरी हरवता येत नाही. तिथे गाईडचं काम काय?

आमचं काम खरं तर गाडीतच. राष्ट्रीय उद्यान दाखवायचं म्हणजे काय हो — लोकांना स्वच्छतागृह कुठे आहे ते वेळेवर सांगायचं. उरलेल्या वेळात डोंगर. मी एकोणीस वर्षं करतोय हे. लोक गाडीत चढले की पहिल्या दहा मिनिटांत मी ओळखतो कोण काय आहे. ती मागच्या सीटवरची जोडी पाहिलीत? सकाळपासून भांडतायत, पण फोटोत हसतायत. आणि तो टोपीवाला — तिसऱ्या रांगेतला, हो, तोच — फाटकातून आत शिरलो नाही तोच सुरू, "अस्वल कुठाय? जाहिरातीत अस्वल आहे." अहो, जाहिरातीत निळं आकाशपण आहे, ते कुठे मागतोयस तू? झाडं दाखवली — अस्वल कुठाय. धबधबा दाखवला — छान आहे, पण अस्वल कुठाय. जसं काही मी आदल्या दिवशी जाऊन बांधून ठेवायला हवं होतं.

मग तिसऱ्या वळणावर दाखवलं ना. कशी गप्प झाली सगळी! सगळे एका बाजूला आले, गाडी कलंडते की काय असं झालं ड्रायव्हरला. टोपीवाल्याच्या डोळ्यांत पाणी होतं, पाहिलंत? — काय? दुर्बिणीतून? तुमच्या स्वतःच्या? अच्छा. म्हणजे तुम्ही आमची दुर्बीण घेतलीच नाहीत. तेच म्हटलं. आमच्या दुर्बिणीतून बघितलं तर माणसाला आपला अंगठासुद्धा अस्वल वाटतो, म्हणून तर त्या वाटतो आम्ही. तुम्ही काय, पक्षीबिक्षी बघता वाटतं? असलं माणूस वर्षातून एखादं येतं, आणि नेमकं आज यायचं होतं.

बरं. हळू बोला. ड्रायव्हर चहाच्या टपरीवर आहे, पण आवाज लांब जातो इथे. दगड आहे. झालं समाधान? दगड. चांगला म्हशीएवढा, वर एक लहान दगड, डोक्यासारखा. देवाच्या करणीने बसलाय तसा. यात माझा काय दोष?

हसू नका. सुरुवात कशी झाली ते सांगतो, मग हसा. माझं पहिलंच वर्ष, सकाळपासून धुकं, काही म्हणजे काही दिसत नव्हतं. गाडीत चाळीस माणसं तोंडं पाडून बसलेली. एक बाई तर म्हणाली, याच्यापेक्षा घरी कपडे धुतले असते. तिसऱ्या वळणावर धुकं जरासं हटलं आणि समोरच्या उतारावर ते काळं दिसलं. मी म्हटलं — शप्पथ सांगतो, मलाही क्षणभर तसंच वाटलं होतं — "अस्वल!" टाळ्या वाजल्या हो गाडीत. मला, टाळ्या! घरी कोणी साधा पाण्याचा ग्लास पुढे करत नव्हतं तेव्हा. आणि मग संध्याकाळी फाटकावर रजिस्टर पुढे आलं. काय काय प्राणी दिसले ते गाईडने लिहायचं असतं, उद्यानाची मोजणी चालते त्यावर. मागे सगळी माणसं उभी. मी काय लिहिणार, 'दगड'? लिहिलं: अस्वल, एक, समोरचा उतार, बसलेलं. दुसऱ्या दिवशी परत लिहिलं. मग बाकीचे गाईडही लिहायला लागले, का मागे राहतील? एकोणीस वर्षं, काकू. 'बसलेलं.' एकदाही कोणी 'उठलेलं' लिहिलं नाही आणि एकाही साहेबाला शंका आली नाही. असली हुशार माणसं आहेत ऑफिसात.

कोणाचं काय बिघडलं? लोक खूश, कंपनी खूश. समोरच्या उतारावर माणसाने जायचं नाही, बंदी आहे — का, तर अस्वलाला त्रास होतो! म्हणजे दगडामुळे तिथली झाडं वाचली, बघा. त्याचा खरं तर सत्कार करायला हवा.

फक्त एकीचं बिघडलं. माझ्या मुलीचं.

लहानपणी तिला घेऊन यायचो मी, शाळेला सुट्टी असली की. इथेच, या पुढच्या सीटवर बसायची. तिसरं वळण आलं की खिडकीला नाक लावून हात हलवायची त्याला. एकदा म्हणाली, "बाबा, ते आपल्याला ओळखतं." तेव्हा सांगायला हवं होतं, नाही का? सांगायला गेलोही होतो, पण तिचं तोंड बघितलं आणि राहिलं. मग ती मोठी झाली, शिकली, आणि कुठे नोकरी धरावी तिने? उद्यानाच्या मोजणी विभागात. जगात एवढी ऑफिसं आहेत! म्हणाली, "बाबा, त्या अस्वलामुळेच मी यात आले." मी आपला भातच कालवत राहिलो. तिची आई म्हणते, "अहो, पोरीचं कौतुक तरी करा." काय कौतुक करू?

आणि पोरगी माझी, आळशी असती तर बरं झालं असतं. तिने सगळी जुनी रजिस्टरं काढली. एकोणीस वर्षांची. रात्रंदिवस बसली आणि अहवाल लिहिला — एक अस्वल इतकी वर्षं जागा सोडत नाही, तेव्हा आई, मग तिची मुलगी, मग तिची, अशा पिढ्या एकाच जागी ऊन खायला येतात. चित्रं काढली, नकाशे काढले. घरी मला वाचून दाखवला. शेवटी विचारलं, "बाबा, तुम्ही स्वतः पाहिलंय ना?" स्वयंपाकघरात उभी होती, हातात कागद. मी भांडी विसळत होतो. पाठमोरा होतो म्हणून जमलं. म्हटलं, "म्हणजे काय? रोज बघतो." त्या जोरावर तिने भर बैठकीत सांगितलं, की माझे वडील रजिस्टरमध्ये खोटं लिहिणार नाहीत.

मग साहेब म्हणाले, चला, बघूनच येऊ. गेले पाच-सहा जण उतारावर. पुढचं मी ऐकलेलं सांगतो. ती सगळ्यांच्या पुढे होती. जवळ गेली, हात लावला. आणि हात काळा झाला तिचा.

तेल. गाडीचं. वापरलेलं, इंजिनातून काढतात ते. काय बघताय अशा? आठव्या का नवव्या वर्षी पक्ष्यांनी घाण करून दगड पांढरा करून टाकला होता. एक पोरगं म्हणालं, "हे म्हातारं अस्वल आहे का?" सगळी गाडी हसली. म्हटलं, हे चालायचं नाही. उद्यान दोन महिने बंद असतं तेव्हा डबा आणि ब्रश घेऊन गेलो. मग दरवर्षीच. अहो, लोक घराला रंग देतात तसं माझं ते काम होऊन बसलं होतं, कान नीट काढायचे, पाठ नीट काढायची. — मूर्खपणा म्हणा, म्हणा. तो वास तिने लगेच ओळखला. शाळेत होती तेव्हापासून दरवर्षी माझ्या कपड्यांना येतोय तोच. कोणाला काही बोलली नाही ती. हात पँटला पुसला आणि साहेबांना म्हणाली, "माझी चूक आहे. मी स्वतः येऊन खात्री करायला हवी होती." माझं नाव नाही घेतलं. तेलाचं नाव नाही घेतलं. ऑफिसात अजून विचारतात म्हणे तिला, तुझ्या दगडाला पिल्लं कधी होणार? निर्लज्ज लेकाचे.

घरी आली आणि एवढंच म्हणाली, "बाबा, एकदा तुमच्या तोंडाने सांगा. मला दुसरं काही नको." आणि मी काय म्हणालो असेन? "लांबून तसंच दिसतं." लांबून तसंच दिसतं! त्याला झाले चार महिने. एका घरात राहतो, एका टेबलावर जेवतो, पण एक शब्द नाही. मीठ मी मागितलं तर आईला म्हणते, "त्यांना दे." मी समोर, मीठ समोर, आणि आई आपली टपाल खात्यासारखी इकडून तिकडे.

नाही, दाखवणं बंद केलं होतं मी! चार महिने! तिसरं वळण आलं की रानफुलांची माहिती द्यायचो. अर्धी गाडी झोपायची. आजही फुलांचंच सुरू केलं होतं, पण हा टोपीवाला — "अस्वल, अस्वल" — आणि हात आपोआप वर गेला हो माझा. तोंड आपोआप बोललं. एकोणीस वर्षांची सवय, मी काय करू?

आणि ड्रायव्हर उतरताना माझ्या कानाशी काय कुजबुजला, पाहिलंत ना? फाटकावरून निरोप आलाय. नवीन नियम, आजपासून. गाईडच्या लिहिण्यावर भरवसा नाही, बाहेर पडताना कर्मचारी स्वतः गाडीत चढणार, एकेका सीटला विचारणार काय काय पाहिलं, सगळ्यात शेवटी गाईडला. आणि फाटकावर बदली करून कोणाला पाठवलंय? हो. तिलाच. आमच्या साहेबांना शिक्षा द्यायची कला आहे. आता मला सांगा, ती गाडीत चढणार आणि एकतीस माणसं तिच्या तोंडावर ओरडणार, 'अस्वल'! तिला वाटेल, बापाने मुद्दाम केलं.

आले बघा. कसे धापा टाकतायत. थांबा तुम्ही, माझं ठरलंय. गाडी निघाली की माईकवर सांगून टाकतो. त्यात काय एवढं? परक्यांना सांगायला काही वाटत नाही. तुम्हाला नाही का सांगितलं?

मंडळी, बसलात का सगळे? पट्टे लावा. ड्रायव्हरसाहेब, चला. मंडळी, एक मिनिट लक्ष द्या. सकाळी आपण जे अस्वल पाहिलं ना, ते अस्वल नव्हतं. दगड आहे तो. — हसू नका, विनोद नाही हा. — नाही साहेब, मान नाही वळवली त्याने. — ताई, तुमच्याकडे व्हिडिओ असेल, पण गाडी हलत होती, दगड नाही. — घरी सगळ्यांना फोटो पाठवला? मग आता दुसरा पाठवा, 'क्षमस्व' म्हणून. — अहो टोपीवाले, डोळ्यांत डोळे घालून पाहिलं म्हणजे काय? तिथे डोळेच नाहीत! मी सांगतोय ना, मी स्वतः— बरं. बरं, राहू द्या.

ऐकलंत, काकू? 'गाईड आपली गंमत करतोय.' 'तुम्हाला नसेल दिसलं, आम्हाला दिसलं.' मी रंगवला तो दगड, आणि हे मला सांगतायत! त्या मागच्या जोडीचं सकाळपासून कशावर एकमत होत नव्हतं, ते आता झालं — अस्वलच होतं म्हणे, आणि मादी होती. आता काय करू? परत माईक घेऊ? नको, दगड फेकून मारतील मला.

आलं फाटक. ती बघा, निळ्या कोटातली. केस किती बारीक कापलेत हिने, घरी लक्षातच नाही आलं माझ्या. मागच्या दाराने चढली. इकडे बघत नाहीये. ऐका, ऐका काय चाललंय मागे — अस्वल. अस्वल. एक अस्वल. टोपीवाला हातवारे करून दाखवतोय केवढं होतं ते. आणि ती लिहितेय सगळं, मान खाली घालून, एकेकाचं. चेहऱ्यावर रेघ हलत नाही. काकू, पाय जरा आत घ्या, तिला वाट द्या. आता तुम्ही, मग मी. झालं तुमचं? आता माझी पाळी.

काही नाही दिसलं, मॅडम. — नाही. ही सगळी माणसं म्हणतायत ते मीच दाखवलं त्यांना. दगड आहे. मला माहीत होतं. पहिल्या दिवसापासून माहीत होतं, स्वयंपाकघरात तू विचारलंस तेव्हाही माहीत होतं. तेल मी लावायचो, रजिस्टर मी खोटं लिहायचो. तुझी चूक नव्हती. मी — माझी होती. लिही. सगळ्यांसमोर लिही.

गेली. दार लावून घ्या, ड्रायव्हरसाहेब. — हो, परवाना जाईल, जाणारच, नवीन काय त्यात? तुम्ही ऐकलंत ना काय म्हणाली ते? "सही करा." चार महिन्यांत माझ्याशी बोललेले पहिले दोन शब्द. माझ्याकडे पेन नव्हतं, तर तिनेच खिशातलं काढून दिलं. झाकण उघडून दिलं, काकू. परत घ्यायचं विसरली, हे बघा, माझ्याच हातात राहिलंय. — नाही, डोळ्यांत काही नाही गेलं माझ्या. तुम्ही तुमची दुर्बीण आवरा आता आणि नीट धरून बसा, पुढे उतार आहे.