एका फोडीचा पुरावा

किल्लारीहून लातूरला निघालेली जीप ट्यूशनच्या पोरींनी भरली होती. माझ्यासमोर एक म्हातारं जोडपं. बाईंच्या मांडीवर फडक्यानं तोंड बांधलेली बरणी.

“लोणचं कामून घेतलंस कोर्टात?”

“पुरावा हाय त्यो.”

“कशाचा?”

“आपल्या आंब्याचा. भूकंपानंतर नव्या गावासाठी रान घेतलं, तवा सरकारनं लिवलं ना, झाडाला फळच येत न्हाई म्हून?”

“हाव. म्हून तर झाडाचा मोबदला न्हाई. दहा वर्षं झाली, भांडूनच राहिलो.”

“मग हे त्याच झाडाचं लोणचं. भूकंपाच्या आदल्या उन्हाळ्यात घातलेलं. घर पडलं, बरणी राहिली.”

“अगं, वकिलानं कागद मागितलाय.”

“कागद काय झाडाला लागतो? जजसायबाला म्हनते, चाखून बगा.”

“दाव बरं... अगं, हिच्यात तर एकच फोड दिसून राहिली!”

“भरलेली होती की.”

“मग खाल्लं कुनी?”

“तुमीच. दर तारखेला भाकरीसंगं एक फोड बांधून देत होते.”

“मला काय ठावं, पुरावा हाय म्हून!”

“अन् मला तरी कुठं ठावं, इतक्या तारखा पडतील म्हून!”

कोर्टापुढं जीप थांबली. बाईंनी फडकं पुन्हा घट्ट बांधलं.

“आज भाकरीसंगं काय दिलंस?”

“काय न्हाई. अन् सांगून ठेवते, आज पुन्हा तारीख पडली तरी बरणीला हात लावायचा न्हाई.”